कंदिलातली घंटा

६ जानेवारी

ठकू,

आशीर्वाद आहेतच, ते दर पत्रात लिहून शाई कशाला घालवू? तब्येत ठीक आहे. गुडघा त्याचं त्याचं बघतो, मी माझं.

फोन करू नकोस, हे परत सांगतो. परवा तू केलास आणि कानातलं मशीन शीळ घालायला लागलं. तुझ्या सगळ्या बोलण्यातून मला 'बादली' आणि 'डॉक्टर' एवढेच दोन शब्द कळले. त्यावरून मी काय समजायचं? एकतीस वर्षं प्रेसशॉपच्या दणदणाटाला लागून असलेल्या लेथवर काढली, त्याचं हे बक्षीस. तू लिहीत जा. तुझं अक्षर म्हणजे कोंबडीचे पाय, पण वाचता तरी येतं.

एक काम आहे. धाकट्याचा कॉम्प्युटर दुरुस्त करून आणला. पडदा मी फोडला होता, तेवढाच नवा बसवला. खालचा दुरुस्तीवाला म्हणतो, "काका, आतलं सगळं शाबूत आहे, हातोडा चुकीच्या जागी मारलात." गाढवाला काय माहीत!

चालू केला तर त्याचा तो गेम आपोआप उघडला. किल्ला, धुकं आणि मधोमध एक नाव, काजवा. खाली परवलीचा शब्द मागतोय. हे त्याचंच नाव ना? आपल्याला आत शिरायचं तर काय करावं लागतं? वेळ जात नाही म्हणून विचारतोय, दुसरं काही नाही. तो कुठे राहतो हे मी विचारलेलं नाही, हे ध्यानात घे.

बाबा


१४ जानेवारी

बाबा,

समोर अकरा जणांचे दात वाळत पडलेत आणि मी तुम्हाला पत्र लिहितेय. कवळ्यांच्या लॅबचे साहेब आले तर यांच्यात माझेही दात जातील.

वेळ जात नाही म्हणून! मी तुमची मुलगी आहे हो, दुधखुळी नाही. आई गेली तेव्हासुद्धा तुमचा वेळ जात होता. तेव्हा तुम्ही घरातल्या सगळ्या खुर्च्यांचे पाय बदललेत.

हो, काजवा म्हणजे धाकटाच. दोन वर्षं तुम्ही त्याचं नाव काढलं नाहीत आणि आता थेट त्याच्या किल्ल्याच्या दाराशी उभे! त्याने माझ्याकडून वचन घेतलंय. बाबांना पत्ता दिलास तर तुझंही तोंड बघणार नाही म्हणतो. तेव्हा पत्ता मिळणार नाही. गेमबद्दल त्याने वचन घेतलेलं नाही, कारण तुम्ही गेम खेळाल हे त्याच्या स्वप्नातही येणं शक्य नाही.

तर ऐका. त्याच्या नावाला हात लावू नका, खाली 'नवीन खेळाडू' असेल ते दाबा आणि स्वतःला नाव द्या. आत राक्षस, दऱ्या आणि भारलेल्या वस्तू असतात. भारलेल्या म्हणजे जादू भरलेल्या. एखादी तलवार आग ओकते, एखाद्या अंगठीने जखम भरते. धाकटा मला तासन्‌तास सांगायचा आणि मी हूं हूं करत भांडी घासायचे. आता वाटतं, नीट ऐकायला हवं होतं.

खेळा, पण त्याच्या मागे लागू नका. एवढं ऐका माझं.

ठकू


११ फेब्रुवारी

ठकू,

गेममध्ये माझं नाव ऐरण. पहिले आठ दिवस नुसता मरत होतो. एकदा तर कोंबडीने मारलं. हसू नकोस, ती भारलेली कोंबडी होती.

मग तिथे लोहाराचं दुकान सापडलं आणि जीव भांड्यात पडला. राक्षस मारायची सक्ती नाही, लोहारकी करूनही तिथे निभतं. दुकानामागे एक जोडभट्टी आहे. दोन भारलेल्या वस्तू तिच्यात घालायच्या. एक 'अंग', दुसरी 'जीव'. अंग उरतं, जीव वितळतो आणि त्याची जादू अंगात उतरते. जमलं तर एकाच वस्तूत दोन गुण, फसलं तर दोन्हींची राख. लोकांना वाटतं हा नशिबाचा मामला. डोळे मिटून कळ दाबतात, दहातले सात जोड फसतात, मग बोंबलत बसतात.

आता तूच सांग, जन्मभर लेथवर उभा राहिलेला माणूस नशिबावर जोड बसवेल? वही केली. भंगारातल्या वस्तू घेऊन दोनशे बारा जोड करून बघितले. एकशे साठाव्याला ट्यूब पेटली. अगं, हे तर आमचं रोजचं काम! दांड्यावर रिंग बसवताना काय करायचो? रिंग तापवायची, दांडा बर्फात ठेवायचा. रिंग फुगते, दांडा आक्रसतो आणि अलगद आत जातो. बाहेरचं गरम, आतलं गार, मग हातोडा लागत नाही. इथेही तेच. अंग भट्टीच्या तोंडाशी लाल होईपर्यंत धरायचं, जीव दाराबाहेरच्या बर्फात शंभर मोजेपर्यंत ठेवायचा, मग जोडायचं. शेवटच्या बावन्नात एकही फसला नाही.

बातमी पसरली. लांबलांबून लोक यायला लागले. गेल्या मंगळवारी एक जण कंदील घेऊन दारात उभा राहिला. डोक्यावर नाव होतं, काजवा.

साधं 'या' लिहायला तीनदा चुकलो. तो म्हणाला, "सावकाश, आजोबा. घाई नाही." आजोबा म्हणाला मला. एका बोटाने टाइप करतो ना, त्यावरून ओळखलंन म्हातारा आहे ते. आता रोज चार वाजता, कामावरून आला की दुकानात येतो. शीतगृहात फळांच्या पेट्या चढवतो म्हणाला, बोटं बधिर होतात. त्याच्या टोळीत मला घेतलंय.

मी कोण ते सांगितलेलं नाही. ठकू, तो बोलतो ते पडद्यावर उमटतं, एकही शब्द सुटत नाही. तो सहा वर्षांचा असल्यापासून त्याचं बोलणं मला अर्धंमुर्धंच ऐकू यायचं. आता सगळं कळतं. मला फार आनंद झालाय, तो कुठे ठेवू ते कळत नाही.

बाबा


१९ फेब्रुवारी

बाबा,

पत्र वाचून आधी हसले आणि मग घाम फुटला.

रविवारी धाकटा जेवायला आला होता. दोन वर्षांत त्याला इतकं बोलताना मी बघितलं नव्हतं. "ताई, एक म्हातारा लोहार भेटलाय. टाइप करायला अर्धा तास लावतो, पण काय डोकं आहे! त्याच्याशी बोललं की बरं वाटतं गं." मी पाणी आणायच्या निमित्ताने उठले. माझ्या तोंडावर सगळं लिहिलेलं असतं, हे आई सांगायची ते तुम्हाला आठवत असेल.

म्हणजे आता मी दोघांशी खोटं बोलतेय. त्याचा पत्ता तुमच्यापासून लपवते आणि तुमचं नाव त्याच्यापासून. इकडे आड, तिकडे विहीर, आणि मी मधे कवळ्या घासत बसलेय.

सांगून टाका, बाबा. आज सांगाल तर चिडेल, दोन दिवस आदळआपट करेल. उशीर केलात तर मात्र त्याला वाटेल तुम्ही त्याची हेरगिरी केलीत. तुम्हाला तो परत हवाय ना? मग त्याला स्वतःहून कळायच्या आत सांगा. नवी कवळी कुठे टोचत असेल तर पहिल्याच दिवशी घासून द्यावी लागते. माणूस सोसत बसला की हिरडीला जखम होते आणि मग तो कवळी तोंडात घालायलाच तयार होत नाही. हे मी रोज बघते.

आणि तो तुम्हाला काय काय सांगतो हो? मला तर 'बरं आहे'च्या पुढे काही सांगत नाही.

ठकू


८ मार्च

ठकू,

तुझं बरोबर आहे. तीनदा लिहायला घेतलं, 'मी तुझा बाप आहे'. तीनदा पुसलं. लेथवर हजारातल्या एका भागाची चूक मला चालायची नाही, आणि इथे चार शब्द बसत नाहीत.

गेल्या आठवड्यात त्याने मला सांगितलं, घर का सोडलं ते. मी समजत होतो, हातोडा घातला म्हणून. तसं नाही. काय ते मी तुला लिहिणार नाही. दोन दिवस अन्नावरची वासना उडाली होती, एवढं पुरे.

आता काम आलंय. त्याच्या टोळीला काळ्या विहिरीत उतरायचंय. तिथे अंधार असतो आणि माणसं एकमेकांपासून चुकतात. त्याच्याकडे न विझणारा कंदील आहे, दोन वर्षांपासूनचा. आठ महिने खपून एक घंटाही मिळवलीय. ती वाजली की सोबती कितीही लांब असला तरी त्याला ऐकू जाते. त्याला कंदिलात घंटा उतरवून हवीय. शनिवारी दोन्ही वस्तू माझ्या हातात देणार आहे. म्हणाला, "आजोबा, दुसऱ्या कुणाला हात लावू दिला नसता."

बहिऱ्याच्या हातात घंटा! वर बसलेल्याला थट्टा बरी सुचते.

जोड आधी करतो, मग सांगतो. काहीतरी चांगलं करून दिलं की सांगायला तोंड राहील. नुसत्या हाताने कसा उभा राहू त्याच्यासमोर?

बाबा


१३ मार्च

बाबा,

नको! आधी सांगा, मग वस्तू हातात घ्या. त्याने विश्वास टाकलाय तो त्या आजोबांवर, तुमच्यावर नाही. जोड उत्तम झाला तरी त्याला फसवलंच म्हणेल तो, आणि मला त्याची बाजू घ्यावी लागेल.

हे पत्र शनिवारच्या आत पोचावं म्हणून पळत जाऊन टाकतेय.

ठकू


२२ मार्च

ठकू,

तुझं पत्र सोमवारी आलं. जोड शनिवारी झाला.

फसला नाही. कंदील लाल केला, घंटा बर्फात शंभर मोजून ठेवली, आणि अशी उतरली की भट्टीने आवाजसुद्धा केला नसेल. केला असला तर मला काय कळणार! पण पडद्यावर सोन्याची अक्षरं आली. टोळीतले सगळे नाचत होते. धाकटा म्हणाला, "आजोबा, जिंकलंत."

मग भट्टीने विचारलं, घडवणाऱ्याची खूण काय? तिथे मी आजवर 'ऐरण' लिहीत आलो. त्या दिवशी माझ्या बोटाने सत्तेचाळीस लिहिलं. एकतीस वर्षं काम उत्तम बसलं की माझा नंबर ठोकायचो, सत्तेचाळीस. तुझ्या स्टुलाखाली आहे, आपल्या दाराच्या कडीवर आहे, त्याच्या भोवऱ्यावर आहे. आनंदात हात आपोआप गेला. की मलाच त्याला कळायला हवं होतं? देवाशपथ, मला माहीत नाही.

त्याने कंदील हातात घेतला, फिरवून बघितला. मी लिहायला घेतलं, "अरे, ऐक", तेवढ्यात तो गेला. टोळीतून माझं नाव काढलंय. मी पाठवलेला निरोप परत येतो. आठ दिवस रोज चार वाजता दुकानात बसतोय.

आता तुला सांगतो, त्याने काय सांगितलं होतं ते. लपवून कुणाचं भलं झालंय? त्या दुपारी हातोडा घातल्यावर तो माझ्यासमोर उभा राहून ओरडत होता. नोकरी का सुटली, त्याला काय होतंय, घरात श्वास का घेता येत नाही, सगळं सांगत होता. आणि मी कानातलं मशीन काढून टेबलावर ठेवलं. तो म्हणाला, "आजोबा, कॉम्प्युटरचं काही नाही हो. मी तासभर बोलत होतो आणि बाप मशीन काढून समोर बसला होता. माझ्याकडे बघत होता. त्याला एक अक्षर ऐकायचं नव्हतं."

खरं आहे ते, ठकू. मशीन मी मुद्दाम काढलं होतं. हातोड्याची लाज वाटायची, ती तरी मी कधीतरी बोलून दाखवली असती. ह्याची मी स्वतःलाही कबुली दिली नव्हती.

बाबा


३० मार्च

बाबा,

तो आला होता. दारातूनच विचारलं, "तुला माहीत होतं?" मी हो म्हटलं. काय करणार, तोंडावर लिहिलेलंच असतं. माझं स्टूल उलटं केलं, सत्तेचाळीसवर बोट ठेवलं आणि म्हणाला, "दोघं मिळून मला खेळवत होतात." मी म्हटलं, मी तुला फसवलं, चुकले.

तुमचा मला राग आलाय, बाबा. मशीनचं वाचून तर फारच आला. मी तेव्हा स्वयंपाकघरात होते. तो इतका वेळ ओरडतोय आणि बाबा किती शांतपणे ऐकून घेतायत, असं वाटून मला तुमचं कौतुक वाटलं होतं! दोन वर्षं मी त्याला हेच सुनावत आले, बाबांनी तुझं सगळं ऐकून घेतलं, तूच निघून गेलास. म्हणजे मीही त्याच्या जखमेवर मीठच चोळत होते.

जेवला नाही. पण जाताना माझ्या खणातून एक पाकीट आणि तिकीट घेऊन गेला. कुणाला लिहिणार, हे मी विचारलं नाही. आपल्या घरात पाकिटाची गरज पडते असा एकच माणूस आहे.

औषधं घेत जा. रागावले असले तरी हे सांगतेच.

ठकू


९ एप्रिल

बाबा,

पत्र लिहायची सवय नाही. ही चौथी प्रत.

कंदील फोडायला निघालो होतो. गेममध्ये तशी सोय आहे, एक कळ दाबली की संपलं. दाबली नाही. टोळी त्याच्या जोरावर विहिरीत उतरली आणि घंटा सगळ्यांना ऐकू गेली. काम चांगलं झालंय. तुमचं काम कधीच वाईट नव्हतं.

पण तुम्ही फसवलंत. जे मी कुणाला बोललो नव्हतो ते एका परक्या म्हाताऱ्याला सांगितलं, आणि ते तुम्ही होतात. परक्याला सांगणं सोपं असतं. तेवढा एक परका मला मिळाला होता, तोही तुम्ही काढून घेतलात.

खरं सांगायचं तर 'बाहेरचं गरम, आतलं गार' म्हणालात तेव्हाच माझ्या मनात शंकेची पाल चुकचुकली होती. लहानपणापासून तुमच्याशिवाय कुणाच्या तोंडून ते ऐकलेलं नाही. मी विचारलं नाही. मला तो आजोबा हवा होता. मी कितीही लांबलचक लिहिलं तरी तो सगळं वाचायचा आणि मग अर्ध्या तासाने एका ओळीत नेमकं उत्तर द्यायचा. मशीनचं त्याला सांगितलं त्या दिवशी त्याने काहीच उत्तर दिलं नाही. तासभर बसलो होतो. शेवटी लिहिलंत, "त्या बापाचं चुकलं." तीन शब्द. ते आजोबांनी लिहिलं की तुम्ही, हे मला तुमच्या तोंडून ऐकायचंय.

वीस तारखेला रविवार आहे. चार वाजता येतो. मशीन कानात असू द्या. त्या दिवशी जे बोललो ते पहिल्यापासून सगळं परत बोलणार आहे, आणि ओरडून बोलणार आहे. मधे बोलायचं नाही. मशीन काढायचं नाही. त्यानंतर राहीन की जाईन, ते मला ठाऊक नाही.

धाकटा


१३ एप्रिल

धाकट्या,

ते मीच लिहिलं होतं. लिहायला तासभर लागला, कारण पडदा दिसत नव्हता.

मशीनमध्ये नवी बॅटरी घातलीय. आणखी दोन पाकिटं आणून टेबलावर ठेवलीत, मधेच संपली तर तुला थांबावं लागू नये म्हणून. तुला लागेल तेवढा वेळ ओरड.

मशीन घातलं तरी दाराची कडी मला ऐकू येत नाही. रविवारी दार उघडंच असेल.

बाबा